कुंडीतल्या झाडांना पाणी: किती वेळा, किती आणि किती वेळ

‘रोज पाणी घालू की एक दिवसाआड?’ हा प्रश्न नवीन बाग करणारा प्रत्येक जण विचारतो. त्याला ‘रोज’ किंवा ‘एक दिवसाआड’ असं ठोक उत्तर मिळतं आणि त्या उत्तरापायीच निम्मी झाडं जातात. पश्चिमेच्या बाल्कनीतली आठ इंची मातीची कुंडी मे महिन्यात दिवसातून दोनदा पाणी मागू शकते. त्याच घराच्या हॉलमधला स्नेक प्लांट पंधरा दिवस काही मागत नाही. दोघांना एकच वेळापत्रक लावलं तर एक वाळतो आणि दुसरा कुजतो.

सगळ्यात जास्त दिसणारी चूक म्हणजे रोज सकाळी प्रत्येक कुंडीत तांब्याभर पाणी. मोठ्या कुंडीत ते वरच्या दोन इंचांतच जिरतं, खालची मुळं कोरडी राहतात आणि नवी मुळंही वरच्या थरातच पसरतात. लहान कुंडीत तेवढंच पाणी रोज पडल्याने माती कधी सुकत नाही. म्हणून दोन प्रश्न वेगळे करा. आज पाणी द्यायचं का, हे माती सांगते. द्यायचं तर किती, हे कुंडीचा आकार सांगतो. दिवस आणि वार दोन्हींत कुठेच येत नाहीत.

१. आधी निचरा तपासा

पाण्याचं वेळापत्रक बसवण्याआधी हे करा, कारण निचरा नसेल तर पुढचं सगळं व्यर्थ आहे.

कुंडी रिकामी असेल तर तळाची भोकं पाहा. बोट जाईल एवढं एक तरी भोक हवं किंवा पेन्सिलीएवढी चार-पाच. प्लास्टिकच्या बऱ्याच कुंड्यांना भोकांच्या जागी नुसत्या खुणा असतात, त्या स्वतः फोडाव्या लागतात. भोकावर एक खापरीचा तुकडा किंवा जाळीचा तुकडा ठेवा, म्हणजे माती वाहून जात नाही.

तळाशी विटांच्या तुकड्यांचा किंवा खडीचा जाड थर देऊ नका. निचरा वाढावा म्हणून तो दिला जातो, पण बारीक मातीतलं पाणी खालच्या मोठ्या पोकळ्यांत सहज उतरत नाही. ते थराच्या वरच थांबतं. म्हणजे ओली, चिखलाची पट्टी मुळांच्या आणखी जवळ येते आणि कुंडीतली मातीही कमी होते.

झाड लावलेलंच असेल तर कुंडीत सावकाश पाणी ओता. दोन-तीन मिनिटांत खालून पाणी यायला हवं. पाणी वर तळ्यासारखं उभं राहिलं तर एक तर भोक मुळांनी किंवा मातीने बुजलंय किंवा माती फार चिकट आहे. भोक खालून काडीने मोकळं करा. माती चिकट असेल तर पुढच्या वेळी कुंडी बदलताना कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा), भाताचं तूस किंवा चांगलं कुजलेलं पालापाचोळ्याचं खत मिसळा. नुसती काळी माती कुंडीत भरू नका. ओली झाली की ती फुगून हवा अडवते आणि सुकली की आकसून कुंडीच्या कडेपासून सुटते.

*तपासा:* कुंडी सपाट फरशीवर टेकलेली असेल तर भोक असूनही ते बंद होतं. खाली विटेचे तीन तुकडे किंवा स्टँड द्या.

२. माती तपासा, मगच झारी उचला

शेतकरी ज्याला वाफसा म्हणतात, ती स्थिती आपल्याला कुंडीत हवी असते: मातीत ओल आहे आणि हवाही आहे. मुळांना दोन्ही लागतं. सतत पाण्याने भरलेल्या मातीत मुळं गुदमरतात आणि कुजतात.

वाफसा ओळखायच्या तीन पद्धती आहेत.

बोटाची पद्धत बहुतेक कुंड्यांना पुरते. तर्जनी दोन पेरं खोल, म्हणजे साधारण दीड-दोन इंच, मातीत घाला. माती गार लागली आणि बोटाला चिकटली तर आज पाणी नको. कोरडी, भुसभुशीत लागली तर द्या. नुसता वरचा थर पाहून ठरवू नका. उन्हाने तो दोन तासांत पांढरा पडतो, खाली मात्र चांगली ओल असते.

मोठ्या आणि खोल कुंड्यांसाठी काडी वापरा. आईस्क्रीमची लाकडी काडी किंवा बांबूची कामटी कडेने, मुळांना धक्का न लावता, निम्म्या खोलीपर्यंत खुपसा. दहा मिनिटांनी काढा. काडी गडद झाली असेल, मातीचे कण चिकटले असतील तर थांबा.

तिसरी पद्धत वजनाची. लहान कुंड्यांसाठी मला हीच सगळ्यात भरवशाची वाटते. पोटभर पाणी दिल्यावर, निथळून झाल्यावर कुंडी उचलून बघा. मग माती सुकल्यावर पुन्हा उचला. फरक इतका मोठा असतो की आठवड्याभरात हाताला सवय होते आणि बोट घालायची गरज उरत नाही. कोकोपीटच्या कुंडीत ही पद्धत विशेष कामाची, कारण कोकोपीट वरून कोरडं दिसतं आणि आत पाणी धरून असतं.

*सावधान:* तांदूळ-डाळ धुतलेलं पाणी, भाज्या धुतलेलं पाणी, पातळ केलेलं जीवामृत (शेण-गोमूत्राचं आंबवलेलं द्रवखत) हे सगळं ‘खत’ म्हणून वेगळं धरलं जातं आणि वर नेहमीचं पाणी दिलं जातं. ते पाणीच आहे. माती ओली असेल तर तेही आज देऊ नका.

३. किती द्यायचं

कुंडीत जेवढी माती आहे, तिच्या साधारण पाचव्या हिश्शाएवढं पाणी, हे सुरुवातीसाठी चांगलं माप आहे. बाजारात मिळणाऱ्या नेहमीच्या आकारांसाठी ते असं येतं:

- ६ इंची कुंडी: सुमारे ४०० मिली
- ८ इंची: सुमारे ८०० मिली
- १० इंची: दीड लिटर
- १२ इंची: अडीच ते तीन लिटर

हे पाणी माती सुकलेली असताना एका वेळी द्यायचं आहे, रोज नव्हे. एवढं दिल्यावर खालून थोडं पाणी बाहेर आलं पाहिजे. थेंबही आला नाही तर माप कमी पडलं, थोडं आणखी द्या. धो धो वाहिलं तर माप जास्त आहे किंवा पाणी मातीत न मुरता कडेने निसटतंय. ते कसं ओळखायचं ते पुढच्या टप्प्यात आहे.

नळीने पाणी देत असाल तर ‘किती वेळ’ हे एकदा मोजून ठेवा. १५ लिटरची बादली तुमच्या नेहमीच्या धारेला भरायला किती वेळ लागतो ते पाहा. दीड मिनिट लागलं तर मिनिटाला १० लिटर येतात. म्हणजे १२ इंची कुंडीला १८ सेकंद पुरेसे आहेत आणि ८ इंचीला पाच. बहुतेक जण लहान कुंडीवर याच्या तिप्पट वेळ नळी धरतात आणि मोठ्या कुंडीवर निम्मा वेळ.

४. कसं द्यायचं

इथे क्रम महत्त्वाचा आहे.

पहिल्यांदा मापाच्या एक चतुर्थांश पाणी सगळ्या पृष्ठभागावर झारीने शिंपडा. पाच मिनिटं थांबा. कोरडी माती पहिलं पाणी पटकन ओढत नाही, ती आधी ओलसर व्हावी लागते. मग उरलेलं पाणी सावकाश, गोल फिरवत, कुंडीच्या कडेपर्यंत द्या. खोडाच्या बुडाशी एकाच जागी ओतू नका. तिथे खड्डा पडतो, मुळं उघडी होतात आणि पाणी एकाच वाटेने खाली जातं.

खाली ताटली असेल तर अर्ध्या तासाने तिच्यात साचलेलं पाणी ओतून टाका. डेंग्यू पसरवणारा एडिस डास अशाच स्वच्छ, साठलेल्या पाण्यात अंडी घालतो आणि अंड्यापासून डास व्हायला आठवडा ते दहा दिवस पुरतात. ताटल्या आठवड्यातून एकदा घासून कोरड्याही करा, कारण अंडी ताटलीच्या कडेला चिकटून राहतात.

पाणी ओतताच खालून येत असेल तर

हे बऱ्याच जणांना फसवतं. पाणी दिलं, खालून आलं, म्हणजे माती भिजली असं वाटतं. प्रत्यक्षात माती इतकी कोरडी झालेली असते की ती पाणी घेतच नाही. कोकोपीट पूर्ण सुकलं की असंच होतं. काळी माती कडेपासून सुटली की पाणी त्या फटीतून थेट खाली जातं. ओळखायची खूण: पाणी दिल्यावर कुंडी उचला. वजन वाढलं नसेल तर आतली माती कोरडीच आहे.

उपाय असा. टबमध्ये किंवा मोठ्या घमेल्यात पाणी घ्या, कुंडीच्या निम्म्या उंचीपर्यंत येईल एवढं. कुंडी त्यात अर्धा-पाऊण तास ठेवा. मातीतून बुडबुडे येणं थांबलं आणि वरचा थर ओलसर दिसू लागला की बाहेर काढून निथळू द्या. कुंडी उचलण्याजोगी नसेल तर वरची माती खुरपीने हलकी सैल करा, कडेची फट मातीने बुजवा आणि पंधरा-वीस मिनिटांच्या अंतराने तीन-चार वेळा थोडं थोडं पाणी द्या.

५. दिवसाच्या कोणत्या वेळी

सकाळी, ऊन चढायच्या आत. झाडाला दिवसभर लागणारं पाणी मुळांशी तयार असतं आणि पानांवर उडालेलं पाणीही सुकून जातं. सकाळ शक्यच नसेल तर संध्याकाळी चालेल, पण पानं भिजवू नका. रात्रभर ओली राहिलेली पानं करप्यासारख्या बुरशीजन्य रोगांना वाट देतात. टोमॅटो आणि गुलाबाला हे विशेष लागू.

मे महिन्यात दुपारी नळी सोडण्याआधी पहिलं पाणी बादलीत काढा. उन्हात पडलेल्या नळीतलं पाणी हाताला चटका बसेल इतकं तापतं. गच्चीवरच्या काळ्या टाकीचंही तेच.

६. ऋतूप्रमाणे काय बदलतं

माप फारसं बदलत नाही, दोन पाण्यांमधलं अंतर बदलतं. हे एकदा पक्कं धरलं की ऋतूंचं गणित सोपं होतं.

उन्हाळ्यात मार्चच्या मध्यापासून तपासणी रोज करा. विदर्भ-मराठवाड्यातल्या कोरड्या गरम वाऱ्यात कुंडी मुंबई-कोकणातल्या दमट हवेपेक्षा कितीतरी लवकर सुकते, त्यामुळे नागपूरच्या माणसाने मुंबईचं वेळापत्रक घेऊ नये. लहान कुंड्यांना दोन वेळा पाणी लागत असेल तर पाण्याआधी जागेचा विचार करा. दुपारी १२ नंतरच्या उन्हातून कुंडी सरकवली किंवा हिरवी जाळी बांधली तर दुसऱ्या वेळेची गरज अनेकदा संपते. कुंड्या एकमेकींना चिकटून ठेवल्या तर बाजूने तापत नाहीत. मातीवर सुकलेल्या पानांचं किंवा उसाच्या पाचटाचं दोन इंच आच्छादन द्या, पण खोडाभोवती बोटभर जागा मोकळी ठेवा. मातीच्या कुंड्यांच्या भिंतींतूनही पाणी उडतं, म्हणून त्या प्लास्टिकपेक्षा लवकर सुकतात.

पावसाळ्यात दोन उलट चुका होतात. उघड्या गच्चीवरच्या कुंड्यांत पाणी साचतं. तिथे ताटल्या काढून टाका, आच्छादन बाजूला करा आणि कोरफड, अडेनियमसारखी झाडं आडोशाला घ्या. दुसरीकडे, बाल्कनीत छताखाली असलेल्या कुंड्यांना बाहेर कोसळणाऱ्या पावसाचा थेंबही मिळत नाही आणि ‘पाऊस चालू आहे’ म्हणून त्यांना कोणी पाणी देत नाही. जुलैमध्ये वाळलेली झाडं बहुतेक अशी असतात.

रिमझिम पावसावरही विसंबू नका. एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एका चौरस मीटरवर एक लिटर पाणी. १२ इंची कुंडीच्या तोंडाचं क्षेत्रफळ ०.०७ चौरस मीटर आहे. म्हणजे १० मिलिमीटर पाऊस झाला तरी तिच्यात पाऊण लिटरही पडत नाही आणि तिला अडीच-तीन लागतात. शिवाय जास्वंदीसारखं दाट झाड असेल तर बरंचसं पाणी पानांवरून कुंडीच्या बाहेरच ओघळतं.

ऑक्टोबर हा धोक्याचा महिना. पाऊस थांबतो, ऊन तापतं आणि पाणी द्यायची सवय मोडलेली असते. घटस्थापनेच्या सुमारास तपासणी पुन्हा रोजची करा.

हिवाळ्यात अंतर वाढतं. जी कुंडी मे महिन्यात रोज पाणी घेत होती ती डिसेंबरमध्ये तीन-चार दिवस ओली राहते. हिवाळ्यात झाडं जातात ती बहुतेक जास्त पाण्याने.

७. काही झाडांचे वेगळे नियम

वर सांगितलेली दोन पेरांची कसोटी गुलाब, जास्वंद, मिरची, वांगी, शेवंती अशा बहुतेक झाडांना चालते. पुढची झाडं वेगळी आहेत.

तुळस. हिवाळ्यात ती मुळातच मंदावते, पानं गाळते. त्यात रोजच्या पूजेचं तांब्याभर पाणी पडतं आणि मुळं कुजतात. पूजा थांबवायची गरज नाही. माती ओली असेल त्या दिवशी पळीभर पाणी अर्पण करा आणि पोटभर पाणी मातीची कसोटी पाहून द्या. वृंदावनाला खाली भोक नसतं अशा वेळी तुळस भोक असलेल्या कुंडीत लावून ती कुंडी आत ठेवणं हा चांगला मार्ग आहे.

कडीपत्ता, बोगनवेल. दोन पाण्यांमध्ये माती निम्म्या खोलीपर्यंत सुकू द्या. बोगनवेलीला सतत ओल मिळाली की पानं भरपूर येतात, फुलं येत नाहीत.

कोरफड, अडेनियम, स्नेक प्लांट. माती तळापर्यंत कोरडी झाल्यावरच. शंका असेल तर आणखी दोन दिवस थांबा.

मेथी, कोथिंबीर, पालक, पुदिना. मुळं उथळ असतात, त्यामुळे एक पेर सुकलं की पाणी. बी पेरल्यापासून उगवेपर्यंत वरचा थर सुकूच द्यायचा नाही. बारीक झारीने किंवा स्प्रेने दिवसातून दोनदा शिंपडा, धार लावली तर बी एका कोपऱ्यात गोळा होतं.

टोमॅटो. याला ओढाताण चालत नाही. चार दिवस कोरडं आणि मग भरपूर पाणी असं झालं की फळं तडकतात. अनियमित पाण्यामुळे फळापर्यंत कॅल्शियम पोहोचत नाही आणि बुडाशी काळा, खोलगट डाग पडतो. अशा वेळी औषध शोधण्याआधी पाणी नियमित करा.

मोगरा. डिसेंबर-जानेवारीत पाणी कमी करून थोडा ताण द्या, मग छाटणी करा आणि त्यानंतर पाणी नियमित सुरू करा. नवीन फुटीवर कळ्या धरतात.

८. झाड मलूल दिसलं तर

लगेच पाणी घालू नका. जास्त पाण्यानेही झाड मान टाकतं, कारण कुजलेली मुळं पाणी ओढू शकत नाहीत. दिसायला दोन्ही सारखंच. फरक मातीत कळतो.

माती कोरडी, कुंडी हलकी, पानांच्या कडा कुरकुरीत: पाणी कमी पडलंय. वरच्याप्रमाणे टबात भिजवा आणि दिवसभर सावलीत ठेवा.

माती ओली, खालची पानं पिवळी आणि मऊ, मातीला कुबट वास, कुंडीभोवती चिलटं: पाणी जास्त झालंय. पाणी थांबवा, वरची माती सैल करा, कुंडी उजेडात पण कडक उन्हाबाहेर ठेवा. आठवड्याभरात फरक पडला नाही तर झाड बाहेर काढा, काळी मऊ मुळं कापा आणि नव्या, कोरडसर मातीत लावा. या काळात खत अजिबात नको.

माती ओली आहे आणि झाड फक्त दुपारी मलूल होतं: दोडका, काकडी, भोपळा यांची मोठी पानं भर उन्हात अशी होतातच. संध्याकाळी ती सावरली तर काही करू नका. सकाळीही मलूल दिसली तर मात्र माती तपासा.

९. जमिनीतल्या झाडांसाठी

नव्याने लावलेल्या आंबा, लिंबू, पेरूला पहिलं वर्ष आळं करून पाणी द्या, पण आळ्यात खोड बुडू नये. खोडाभोवती मातीचा उंचवटा आणि त्याच्या बाहेर गोल चर अशी दुहेरी आळी करा. लिंबाच्या खोडाला पाणी लागत राहिलं तर डिंक्या रोग येतो. झाड वाढेल तसं आळं बाहेर सरकवा, कारण पाणी ओढणारी मुळं फांद्यांच्या घेराखाली असतात, खोडाला चिकटून नाही. रोज थोडं देण्यापेक्षा चार-सहा दिवसांनी खोलवर मुरेल एवढं द्या. काळ्या जमिनीत हे अंतर जास्त, कोकणातल्या जांभ्याच्या तांबड्या मातीत कमी.

१०. ठिबक बसवलं असेल तर

ड्रिपरवर, म्हणजे थेंब थेंब पाणी सोडणाऱ्या तोटीवर, ताशी २, ४ किंवा ८ लिटर असं लिहिलेलं असतं. लागणारं पाणी भागिले ड्रिपरचा वेग, हे सोपं गणित. १२ इंची कुंडीला पावणेतीन लिटर हवे असतील तर ताशी ४ लिटरच्या ड्रिपरला सुमारे ४० मिनिटं लागतात, २ लिटरच्याला जवळजवळ दीड तास. एकाच वेळेत सगळ्या कुंड्या भागवायच्या असतील तर मोठ्या कुंडीला दोन ड्रिपर लावा, लहानीला एक.

*तपासा:* महिन्यातून एकदा ड्रिपरखाली बाटली धरा. ताशी २ लिटरच्या ड्रिपरमधून १५ मिनिटांत अर्धा लिटर यायला हवं. बोअरच्या पाण्यातल्या क्षारांनी ड्रिपर हळूहळू बुजतात आणि झाड वाळेपर्यंत कळत नाही. कुंडीवर आणि मातीवर पांढरा थर दिसत असेल तर महिन्या-दीड महिन्यातून एकदा नेहमीच्या दुप्पट पाणी देऊन क्षार खाली धुऊन काढा. आरओच्या यंत्रातून बाहेर पडणारं पाणी झाडांना देत असाल तर ते निम्मं साधं पाणी मिसळूनच द्या.

टायमर लावला म्हणजे तपासणी संपली असं नाही. ऋतू बदलला की टायमरही बदला आणि पावसाळ्यात उघड्यावरच्या कुंड्यांचा बंद करा.

११. गावाला जाताना

चार-पाच दिवस असेल तर सगळ्या कुंड्या सावलीत एकत्र करा, आच्छादन वाढवा आणि निघायच्या दिवशी पोटभर पाणी द्या. बहुतेक झाडं मे महिना सोडून हे सोसतात.

आठ-दहा दिवसांसाठी सुती वात वापरा. जुन्या सुती साडीची बोटभर जाडीची पट्टी पिळून आधी पूर्ण भिजवा. एक टोक बादलीच्या तळापर्यंत, दुसरं कुंडीच्या मातीत तीन-चार इंच खोल. बादली कुंडीपेक्षा थोडी उंच ठेवा आणि झाकून घ्या, नाहीतर डास होतील. ही सोय निघायच्या दोन-तीन दिवस आधी लावून पाहा: बादलीतलं पाणी किती उतरतं आणि माती कशी राहते, ते कळलं की वातीची जाडी कमी-जास्त करता येते.

शेजाऱ्यांना सांगणार असाल तर ‘पाणी घालत जा’ एवढंच सांगू नका, नाहीतर प्रेमापोटी रोज बादलीभर ओततील. ज्यांना कमी लागतं त्या कुंड्या वेगळ्या ठेवा, मापाचा मग देऊन जा आणि त्यांच्यासमोर एकदा माती तपासून दाखवा. परत आल्यावर सगळ्यांना घाईने पाणी देण्याआधी प्रत्येक कुंडी उचलून बघा.